वोकस: पिवळं फूल, काळा गाळ

अमेरिकेच्या ओरेगन राज्यात, कॅस्केड पर्वतरांगेच्या पूर्वेला क्लॅमथ मार्श नावाचा अवाढव्य पाणथळ प्रदेश आहे. विल्यमसन नदी त्यात शिरते, पसरते, रेंगाळते आणि पुढे अप्पर क्लॅमथ या तळ्याला जाऊन मिळते. जवळच्या माझामा ज्वालामुखीचा सुमारे 7,700 वर्षांपूर्वी प्रचंड स्फोट झाला. डोंगर आत कोसळून जो खड्डा पडला त्यात आजचं क्रेटर लेक साठलं, आणि उडालेल्या प्युमिस दगडाने हा सगळा मुलूख झाकून टाकला. त्या थरावर पुढे पाणी साचलं, गाळ बसला आणि गाळात एक वनस्पती रुजली. उन्हाळ्यात इथल्या उथळ पाण्यावर नजर पोहोचेल तिथवर जाड, हिरवी, हृदयाच्या आकाराची पानं पसरलेली असतात. त्यांच्यामधून ताठ देठांवर पिवळी, वाटीसारखी फुलं वर आलेली असतात. इथले मूळ रहिवासी असलेले क्लॅमथ लोक तिला वोकस म्हणतात. वनस्पतिशास्त्रात ती नुफार पॉलिसेपाला. अलास्कापासून कॅलिफोर्नियापर्यंत आणि रॉकी पर्वतातल्या तळ्यांपर्यंत ती मूळचीच आहे, कोणी आणून लावलेली नाही.

नुफारच्या बहिणी उत्तर गोलार्धाच्या समशीतोष्ण पट्ट्यात सगळीकडे आढळतात. युरोपात नुफार ल्युटिया, अमेरिकेच्या पूर्व भागात नुफार अ‍ॅडवेना. भारतात मात्र नुफार फक्त काश्मीरच्या तळ्यांपर्यंत पोहोचली. महाराष्ट्रातल्या तळ्यांत कमळ दिसतं, पांढरी-गुलाबी-निळी कुमुदं दिसतात, पण नुफार नाही. म्हणून कमळ डोळ्यांसमोर ठेवून तिच्याकडे पाहिलं की ती थोडी ओबडधोबड वाटते. फूल पूर्ण उमलून पसरत नाही. पाकळ्या बोथट, जाडसर, मेण लावल्यासारख्या. तिच्यावर देवळं उभी राहिली नाहीत की कविता फारशा झाल्या नाहीत. मला मात्र पाण्यातल्या साऱ्या फुलझाडांत हीच सर्वांत थोर वाटते, आणि त्याचं कारण पाण्याच्या वर नाही, खाली आहे.

तरी आधी फुलाविषयी. ज्यांना आपण पाकळ्या समजतो ती खरं तर निदलं आहेत, म्हणजे इतर फुलांत कळीभोवती जे हिरवं वेष्टण असतं ते. नुफारमध्ये तेच पिवळं आणि मांसल झालं आहे. पॉलिसेपालात अशी निदलं बहुधा नऊच्या आसपास असतात. बाहेरची हिरवट, आतली झळझळीत पिवळी, कधी तांबूस छटेची. खऱ्या पाकळ्या आत दडलेल्या, इतक्या अरुंद आणि आखूड की त्या पुंकेसरांतच हरवून जातात. मधोमध एक सपाट, चाकासारखी चकती असते आणि तिच्यावर मध्यापासून कडेकडे गेलेल्या रेघा. ती कुक्षी, परागकण स्वीकारणारी जागा.

पहिल्या दिवशी फूल जेमतेम फट पडेल इतकंच उघडतं. आत शिरणाऱ्या माशीला किंवा भुंगेऱ्याला त्या चकतीवरूनच जावं लागतं, आणि दुसऱ्या फुलावरून आणलेले पराग तिथे पडतात. स्वतःचे पुंकेसर तोवर मिटलेले असतात. पुढच्या दिवसांत फूल अधिक उघडतं, बाहेरच्या रांगेपासून एकेक पुंकेसर मागे झुकतो आणि पराग सोडू लागतो. आधी मादी, मग नर, असा क्रम ठेवल्यामुळे फुलाचे पराग त्याच फुलावर पडण्याची शक्यता कमी होते. युरोपातल्या जातीच्या फुलाला आंबूस, मद्यासारखा वास येतो आणि तिचं फळ सुरईच्या आकाराचं असतं, म्हणून इंग्रज खेडूत तिला ब्रँडीची बाटली म्हणत आले.

फळ धरतं तिथे नुफार कुमुदापासून स्पष्ट वेगळी होते. कुमुदाचा देठ फुलानंतर वळतो आणि फळाला पाण्याखाली ओढून नेतो. नुफारचं फळ पाण्याच्या वरच पिकतं. पिकल्यावर ते फुटतं आणि त्याच्या फोडी सुट्या होऊन तरंगू लागतात. त्यांच्या स्पंजासारख्या गरात हवा असते. वाऱ्यावर वाहत वाहत फोड कुजली की बिया खाली गाळात पडतात. मुळापासून फार लांब जायचं नाही, पण अगदी पायथ्यालाही पडायचं नाही, एवढी सोय त्यात होते.

आता खाली उतरू. तळ्याच्या गाळात नुफारचं मूलक्षोड आडवं पसरलेलं असतं: माणसाच्या दंडाएवढं जाड, काही मीटर लांब, आणि गळून गेलेल्या प्रत्येक पानाची खूण अंगावर बाळगणारं. ही तिची कोठी. हिवाळ्यात वरची पानं मरतात, पाणी गोठतं, आणि या खोडात साठवलेल्या पिठुळ अन्नावर वनस्पती तग धरते. अडचण अशी की गाळात प्राणवायू जवळजवळ नसतोच. पाण्यात प्राणवायू मुळातच सावकाश पसरतो, आणि गाळातले जिवाणू कुजणाऱ्या पाल्यावर जगताना आलेला थोडाफारही संपवून टाकतात. काठीने गाळ ढवळला की जो काळा रंग आणि सडक्या अंड्याचा वास वर येतो, तो या प्राणवायूच्या अभावाचाच. अशा जागी बहुतेक झाडांची मुळं गुदमरून मरतात. नुफारचं खोड तिथे शंभर टक्के बुडून वर्षानुवर्षं जगतं.

थंडीत, पान वर नसताना, ते आंबवण्याच्या क्रियेवर भागवतं: प्राणवायूवाचून साखर मोडायची आणि मद्यार्क तयार होऊ द्यायचा. हा नाइलाजाचा मार्ग. एकाच साखरेतून त्यात फार थोडी ऊर्जा मिळते. पण वसंतात पहिली पानं पृष्ठभागावर पोहोचली की सारं चित्र पालटतं.

पानाचा देठ आडवा कापून पाहिला तर आत पोकळ नळ्यांचं जाळं दिसतं. पाणवनस्पतींच्या देठात हवेच्या पोकळ्या असतात हे शाळेतही शिकवतात. महाविद्यालयात कुमुदाच्या पानाचा पातळ छेद सूक्ष्मदर्शकाखाली धरणाऱ्याने त्या पोकळ्या आणि त्यांत घुसलेल्या ताऱ्यासारख्या टणक पेशी पाहिलेल्या असतात. या पेशी नुफारमध्येही आहेत; त्या नळ्यांना आधार देतात आणि पान कुरतडणाऱ्याच्या तोंडात खुपतात. पण नळ्यांमधली हवा स्थिर असते आणि प्राणवायू तिच्यातून हळूहळू झिरपत खाली जातो, असाच समज बराच काळ होता. 1980 साली जॉन डेसी या संशोधकाने ‘सायन्स’ या नियतकालिकात दाखवून दिलं की नुफारच्या देठात हवा झिरपत नाही, वाहते. तळ्याच्या पोटात अक्षरशः वारा वाहत असतो.

हा वारा सुरू होतो कोवळ्या पानात. नुकतंच पृष्ठभागावर आलेलं पान उन्हात तापतं. त्याच्या आतल्या पोकळ्या बाहेरच्या हवेपेक्षा गरम आणि वाफेने भरलेल्या असतात. आत आणि बाहेर यांच्यामध्ये पेशींचा एक पडदा असतो, आणि त्यातली छिद्रं इतकी बारीक असतात की हवा त्यांतून एरवीसारखी वाहू शकत नाही. वायूचे रेणू एकेकटे, भिंतींना आपटत पार होतात. अशा बारीक छिद्रांच्या बाबतीत भौतिकशास्त्राचा एक नियम चमत्कारिक वाटावा असा आहे: थंड बाजूचे रेणू गरम बाजूला अधिक संख्येने जातात, आणि गरम बाजूचा दाब वाढतो. शिवाय आतल्या वाफेमुळे तिथल्या नायट्रोजन-प्राणवायूचं प्रमाण कमी झालेलं असतं, म्हणून बाहेरून तेही आत शिरत राहतात. छिद्रं बारीक असल्याने आत आलेली हवा त्याच वाटेने सहज परतत नाही. दाब चढतो. तो अगदी थोडा असतो, आपल्या हाताला जाणवणारही नाही इतका. पण देठाच्या पोकळ नळ्यांत त्याला विरोधही थोडाच. हवा देठातून खाली ढकलली जाते, मूलक्षोडात पोहोचते आणि तिथून दुसऱ्या देठांतून वर येते.

वर येते ती जुन्या पानांतून. पान वाढतं, जून होतं तसतशी त्याची छिद्रं रुंदावतात, आणि मग त्यात दाब टिकत नाही. कोवळी पानं हवा आत घेतात, जुनी ती बाहेर सोडतात. आणि नवी पानं उन्हाळाभर फुटत राहत असल्यामुळे प्रत्येक पान ही दोन्ही कामं क्रमाने करतं. आज जे आत घेतं तेच काही दिवसांनी बाहेर सोडू लागतं. डेसी यांच्या मोजणीत एका पानातून दिवसाला 22 लिटरपर्यंत हवा आत गेली. देठातला वेग मिनिटाला अर्ध्या मीटरपर्यंत पोहोचला. यासाठी वनस्पती स्वतःची साखर खर्च करत नाही, काम होतं ते सूर्याच्या उष्णतेवर. शिवाय परतीच्या हवेबरोबर मुळांत आणि खोडात तयार झालेला कार्बन डायऑक्साइड वर येतो, आणि त्यातला काही भाग पानं प्रकाशसंश्लेषणासाठी वापरून घेतात.

असाच प्रवाह आपल्या कमळातही असतो. 1841 साली फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ आलिर राफनो-डेलील यांनी कमळाच्या पानातून हवा बाहेर पडत असल्याचं नोंदवलं होतं. कमळाच्या पानाच्या मधोमध जी फिकट, वाटोळी खूण दिसते तिच्यात मोठी छिद्रं असतात आणि हवा तिथून निघते. पण कमळ आणि नुफार यांचं नातं मात्र फार दूरचं आहे. 1999 साली डीएनएवर आधारलेल्या अभ्यासांनी सपुष्प वनस्पतींचा वंशवृक्ष नव्याने मांडला तेव्हा कुमुद आणि नुफार यांचं कुळ त्याच्या बुंध्याजवळ, न्यू कॅलेडोनिया बेटावरच्या अंबोरेला या झुडपाच्या लगेच पुढे सापडलं. कमळ गेलं भलतीकडेच, चिनार आणि मॅकाडेमिया यांच्या गोतावळ्यात. दोघांनी पाण्यात राहायला स्वतंत्रपणे शिकून घेतलं. नुफारच्या बियांचे जीवाश्म चीनमध्ये आणि वायव्य अमेरिकेत इओसीन काळातल्या खडकांत मिळाले आहेत, म्हणजे सुमारे पाच कोटी वर्षांपूर्वीचे. क्लॅमथच्या गाळातली ही रीत हिमालयाहून फारशी तरुण नाही.

वनस्पतीच्या आतून वाहणाऱ्या या हवेवर इतरांचीही नजर असते. डोनेशिया नावाचे धातूसारखे चमकणारे भुंगेरे नुफारवर जगतात. त्यांची अळी पाण्याखाली, मुळांजवळ राहते. तिला श्वास घ्यायला वर यावं लागत नाही, कारण तिच्या शेपटीकडे दोन अणकुचीदार काटे असतात; ते ती मुळात खुपसते आणि आतल्या नळीतली हवा ओढून घेते. कोषही तिथेच, हवेने भरलेला, मुळाला चिकटवून बांधते. तळ्याच्या तळाशी राहणाऱ्या कीटकाचं सारं बालपण एका झाडाने खाली पाठवलेल्या हवेवर पार पडतं.

गाळातून वर जाणारी वाटही वापरली जाते. प्राणवायू नसलेल्या गाळात जिवाणू मिथेन तयार करतात. मिशिगन राज्यातल्या डक लेकवर डेसी आणि मायकेल क्लग यांनी 1979 साली दाखवलं की हा वायू मुळांत शिरतो आणि नुफारच्या पानांतून धुराड्यासारखा हवेत जातो. मिथेन वातावरण तापवतो, तेव्हा पाणथळ जागांचा हिशेब मांडताना हे धुराडं विसरून चालत नाही.

बीव्हर हा प्राणी नुफारचं खोड उकरून खातो. त्या खोडात नुफारिडीनसारखे कडू अल्कलॉइड असतात. माणसाला ते तसंच खाणं सोसत नाही. बीव्हरच्या शेपटीजवळच्या ग्रंथींतून निघणारं, अत्तरांच्या धंद्यात पूर्वी फार मोलाचं असलेलं कॅस्टोरियम रसायनशास्त्रज्ञांनी तपासलं तेव्हा त्यात नुफारच्याच घराण्यातले अल्कलॉइड सापडले. एका तळ्यातल्या मुळांचा अंश असा पॅरिसच्या अत्तराच्या कुप्यांपर्यंत जाऊन पोहोचला होता.

क्लॅमथ लोकांना हवी होती बी. अमेरिकेच्या कृषी खात्यातले वनस्पतिशास्त्रज्ञ फ्रेडरिक कोव्हिल यांनी वोकसवर लिहिलेला तपशीलवार निबंध 1904 साली प्रसिद्ध झाला. एकट्या क्लॅमथ मार्शमध्ये वोकस सुमारे दहा हजार एकरांवर पसरलेली आहे, असा त्यांचा अंदाज होता. न पेरता, न नांगरता दहा हजार एकरांचं पीक. ऑगस्टच्या मध्यापासून सप्टेंबर सरेपर्यंत हंगाम चाले. कुटुंबंच्या कुटुंबं मार्शच्या काठी मुक्कामाला येत. बायका एका ओंडक्यातून कोरलेल्या अरुंद होड्या बांबूएवढ्या लांब काठीने रेटत पानांच्या दाटीत शिरत आणि फळं हाताने खुडून होडीत टाकत.

सगळी फळं सारखी नसत, आणि इथेच या कामातलं शहाणपण होतं. देठावरच पूर्ण पिकून फुटलेलं फळ सर्वांत उत्तम; त्याचा बुळबुळीत, बियांनी भरलेला गर लव्हाळ्याच्या विणलेल्या पळीने उचलून वेगळा ठेवत. त्याला ‘स्पोकवास’ म्हणत. उरलेली, अजून घट्ट असलेली फळं उन्हात वाळवून कुटत, किंवा ढीग घालून आतला गर सैल होईपर्यंत मुरू देत. मग बी धुवायची, वाळवायची, विस्तवाचे निखारे घालून टोपलीत हलवत भाजायची. टरफल तडकवण्यासाठी सपाट दगडावर एक खास वरवंटा फिरवत, ज्याला वरच्या बाजूने दोन शिंगांसारख्या मुठी कोरलेल्या असत. दोन शिंगांचा हा वरवंटा क्लॅमथ संस्कृतीची ओळखच आहे; संग्रहालयात तो दिसला की ती वस्तू कुठली हे जाणकार लांबून सांगतात. कुटून झालं की पाखडायचं. सोललेली बी पुन्हा भाजली की ती फुलते, आपल्या ज्वारीच्या लाह्यांसारखी. ती तशीच खात, पीठ करून त्याची पेज करत, आणि उरलेली हिवाळ्यासाठी साठवत. समुद्रसपाटीपासून 1,300 मीटरहून उंच असलेल्या या बर्फाळ मुलुखात अप्पर क्लॅमथ तळ्यातले मासे आणि वोकस या दोहोंवर वर्ष निघे.

भारतात या कथेला एक सख्खी बहीण आहे. उपवासाला तुपात परतले जाणारे मखाणे म्हणजे युरियाले फेरॉक्स या पाणवनस्पतीच्या बिया, आणि ती नुफारच्याच कुळातली. बिहारच्या मिथिला भागात मल्लाह समाजातले लोक तळ्याच्या तळाशी बुडी मारून, गाळ चाळून त्या बिया काढतात, मग त्या तापवून फोडतात. एकाच कुळातल्या बियांना उष्णतेने फुलवण्याची युक्ती पृथ्वीच्या दोन टोकांना, एकमेकांची खबर नसलेल्या लोकांनी शोधून काढली.

1864 साली अमेरिकी सरकारशी झालेल्या तहात क्लॅमथ, मोडोक आणि याहूस्किन लोकांनी दोन कोटी एकरांहून अधिक भूमी सोडली. राखीव म्हणून उरलेल्या भागात मार्श होता, आणि तिथे शिकार, मासेमारी आणि वनस्पती गोळा करण्याचा हक्क तहाने त्यांच्याकडे ठेवला. 1905 साली या खोऱ्यातला सरकारी सिंचन प्रकल्प मंजूर झाला. अप्पर क्लॅमथ तळ्याभोवतीच्या पाणथळी बांध घालून, पाणी उपसून शेतीखाली आणल्या गेल्या. 1954 साली अमेरिकी संसदेने कायदा करून या जमातींची सरकारी मान्यताच काढून घेतली. राखीव जमीन विकली गेली. मार्शचा काही भाग 1958 मध्ये पक्ष्यांसाठी अभयारण्य झाला. मान्यता परत मिळायला 1986 साल उजाडलं.

दरम्यान न्यायालयात एक लढाई चालू होती. विल्यमसन नदीचं पाणी कोणाचं, या वादावर 1983 साली संघराज्याच्या अपील न्यायालयाने ‘अडेर’ खटल्यात निकाल दिला: शिकार, मासेमारी आणि संकलन यांचा हक्क टिकलेला आहे, आणि तो उपभोगायला लागेल तेवढ्या पाण्यावरही या जमातींचा हक्क आहे, अनादि काळापासूनचा, म्हणून इतर साऱ्यांच्या आधीचा. हा निकाल मला न्याय्य तर वाटतोच, शिवाय तो शास्त्राला धरून वाटतो. पाण्यावाचून संकलनाचा हक्क म्हणजे फक्त कागद, कारण वोकसला ठरावीक उथळ पाणीच लागतं: आटलं तरी ती जाते, फार खोल झालं तरी कोवळं पान पृष्ठभागापर्यंत पोहोचत नाही आणि खोडाचा श्वास अडतो.

पाणी उपसल्याने झालेलं दुसरं नुकसान जमिनीलाच झालं. पाणथळीच्या तळाशी शतकानुशतकं साठलेला पीटचा थर टिकून राहतो तो प्राणवायू पोहोचत नाही म्हणूनच. पाणी काढलं की हवा आत शिरते, जिवाणूंना प्राणवायू मिळतो आणि साठलेला पाला वेगाने कुजून वायू होऊन उडून जातो. जमीन खचते. वोकस मोजकी हवा नळीतून आपल्या खोडापुरती खाली नेत होती. पाणी काढायला खणलेल्या चरांनी ती सगळ्या गाळात सोडली. विल्यमसन नदी तळ्याला मिळते तिथल्या त्रिभुज प्रदेशात शेती करायला बांधलेले बांध 2007 च्या ऑक्टोबरअखेरीस द नेचर कॉन्झर्व्हन्सी या संस्थेने सुरुंग लावून फोडले, आणि अनेक दशकांनी तळ्याचं पाणी त्या शेतांवर पसरलं. उद्देश पाणथळ परत आणण्याचा होता, तिथे वाढणाऱ्या माशांसाठीही. क्वाम आणि कोप्टू हे क्लॅमथ लोकांचे पूज्य मासे 1988 पासून संकटग्रस्त यादीत आहेत. पण मधल्या काळात शेतांची जमीन खचलेली होती. जिथे पूर्वी गुडघाभर पाणी असे तिथे काही भागांत ते आता त्याहून बरंच खोल आहे, आणि तिथे वोकस रुजायची तर आधी गाळ पुन्हा साठून तळ वर यावा लागेल.